दूध वारंवार उतू जातं : फसलेले उपाय, निदान आणि एका पातेल्याचा शोध

गेल्या पाडव्यापासून माघातल्या रथसप्तमीपर्यंत आमच्या घरी दूध ४३ वेळा उतू गेलं. आकडा अंदाजपंचे नाही, नोंद आहे. ३१ वर्षं एस.टी.च्या वर्कशॉपात काढल्यावर माणसाला दोन सवयी लागतात. कुठलाही आवाज आला की कान टवकारायचे, आणि बिघाड झाला की वहीत लिहायचा. त्यामुळे रिटायर झाल्यावर हिने "एवढं दूध तरी तापवत जा" म्हणून सकाळची ड्यूटी माझ्या गळ्यात घातली, तेव्हा मी सगळ्यात आधी नातवाच्या जुन्या वहीची कोरी पानं काढून लॉगशीट आखलं. तारीख, वेळ, ड्यूटीवर कोण, कारण, शेरा.

ज्यांच्या घरी हाच त्रास आहे त्यांच्यासाठी लिहितोय. "दुधाकडे लक्ष ठेवा" हा सल्ला कृपया कुणी देऊ नका, तो आम्हाला रोज फुकट मिळतो. आणि "बघायला सांगितलं होतं, बंद करायला नाही" हा विनोदही नको. आमच्या घरात तीन पिढ्यांनी तो करून झालाय, एकदाही कुणी हसलेलं नाही.

तक्रार

घर साताऱ्यात. दूध रतीबाचं, म्हशीचं, सुटं, दीड लिटर. शेगडी काचेची, दोन बर्नरची, दूध मोठ्या बर्नरवर. पातेलं स्टीलचं, उभट, गळ्याशी जरा आवळलेलं, आमच्या लग्नातल्या आहेराचं. पोटावर हिच्या मामांचं नाव कोरलेलं आहे, त्यामुळे त्या पातेल्याबद्दल घरात वाईट बोलायची सोय नाही. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

लक्षणं अशी. पहिली पाच-सहा मिनिटं काहीच होत नाही. दूध इतकं गप्प पडून असतं की गॅस पेटलाय ना, हे वाकून बघावं लागतं. मग कडेनं बारीक फेस धरतो, साय सुरकुतते, मधोमध फुगा येतो. हा फुगा दिसल्यापासून दूध ओट्यावर यायला जेवढा वेळ लागतो तेवढ्यात फक्त दोन शब्द बोलून होतात : "अहो, दूध!" आमच्या घरात ही हाक दूध ओट्यावर आल्यानंतरच येते, आधी कधीच नाही. म्हणजे तिला सूचना म्हणता येणार नाही. तो पंचनामा आहे.

वहीतला 'कारण' हा रकाना वाचनीय झालाय. 'भाजीवाला दारात.' 'शब्दकोडं, उभा शब्द, पाच अक्षरी.' 'लाइट गेली, मग आली.' 'आईचा चष्मा शोधत होतो, आईच्याच डोळ्यावर होता.' १९ जूनला नुसतं 'दूध बघत होतो' असं लिहिलंय. ते खरं आहे. डोळ्यांदेखत गेलं. हात गॅसच्या खटक्याकडे निघाला होता, पण काचेच्या शेगडीला दोन खटके आणि मी घाईत दुसरा फिरवला. तोही बर्नर चालू झाला. दूध उतू जात असताना शेजारी रिकामा बर्नर ऐटीत जळतोय, हे दृश्य बघून आई म्हणाली, "आणखी आहे का दूध?"

आत काय घडतं

पाणी उकळलं तरी उतू जात नाही, दूधच का जातं, ते आधी समजून घेऊ. म्हशीच्या दुधातही शंभरात ऐंशीहून जास्त भाग पाणीच असतं. घोळ उरलेल्यात आहे. दूध सत्तर अंशांच्या आसपास गेलं की त्यातल्या काही प्रथिनांची घडी मोडते, ती एकमेकांना चिकटायला लागतात आणि स्निग्धांशाला धरून वर पडदा बांधतात. तीच साय. इकडे तळाशी वाफ सुरू झालेली असते. पाण्यात वाफेचा बुडबुडा वर आला की फुटतो, विषय संपला. दुधातल्या बुडबुड्याला प्रथिनांचा अंगरखा मिळतो, तो पटकन फुटत नाही. आणि डोक्यावर साय झाकण लावून बसलेली.

आता हिशेब बघा. चहाचा एक चमचा पाणी, म्हणजे ५ मिली, पूर्ण वाफ झालं तर साधारण ८ लिटर जागा मागतं. त्यातली पाव वाफ जरी सायीखाली अडकली, तरी आमच्या मामांच्या पातेल्यात एकूण जागा पावणेदोन लिटर, आणि त्यात दीड लिटर दूध आधीच येऊन बसलंय. उरलं बोटभर.

खंबाटकीच्या चढाला गाडी तापायची तेव्हा रेडिएटर असाच उसळायचा. पण रेडिएटरला ओव्हरफ्लोचा पाइप असतो. पातेल्याला ओटा असतो.

जाता जाता : सातारा उंचावर असल्यानं आमच्याकडे पाणी ९७-९८ अंशांनाच उकळतं. म्हणजे आम्हाला मुंबईकरांपेक्षा थोडा वेळ कमी मिळतो. हे मी हिला सांगून बघितलं. सबब म्हणून ते चाललं नाही.

करून झालेले उपाय

*गजर.* मोठ्या बर्नरवर दीड लिटरला सहा ते सात मिनिटं लागतात, हे तीन दिवस घड्याळ लावून काढलं आणि मोबाइलवर साडेपाच मिनिटांचा गजर ठेवला. उपाय कागदावर बिनचूक होता. गजर वेळेवर वाजला. फक्त तो मोबाइल कुठे वाजतोय ते कळेना. मी हॉलमध्ये, ही बेडरूममध्ये, नातू दिवाणाखाली, सगळे गजर बंद करायला धावलो. मोबाइल आईच्या उशाखाली सापडला, तिनं तो 'ऊब लागतेय' म्हणून ठेवला होता. गजर बंद झाला तेव्हा स्वयंपाकघरातून चर्र असा आवाज आला. वहीत कारण लिहिलं : 'गजर.'

*पातेल्यावर आडवं लाकूड.* वर आलेला फेस गार आणि कोरड्या लाकडाला टेकला की बुडबुडे फुटतात, त्यामुळे याचा गुण येतो, पण थोडाच वेळ. लाकूड तापून ओलं झालं की फेस त्याला जुमानत नाही. आमच्याकडे लाकडी उलथनं आखूड होतं, म्हणून मी लाटणं ठेवलं. लाटणं गोल असतं हा मुद्दा मी विचारात घेतला नव्हता. फेसानं त्याला अलगद उचललं, फिरवलं आणि आत घेतलं. त्या दिवशीच्या चहाला पोळीचा वास होता.

*कडेला तूप.* पातेल्याच्या आतल्या काठाला बोटभर तूप फिरवायचं. स्निग्ध पदार्थानं फेस मोडतो, हे खरंच आहे, आणि दूध काठाशी येऊन घुटमळतं हेही मी पाहिलं. पण मी मापात कमी पडू नये म्हणून तूप जरा सढळ हातानं लावलं. ते वितळून बाहेरून ओघळलं आणि बर्नरवर पेटलं. दूध थांबलं, तूप उतू गेलं. वहीत हे ४३ मध्ये धरलेलं नाही. यावर घरात मतभेद आहेत.

*चकती.* बाजारात काचेची किंवा स्टीलची एक चकती मिळते, कडेला खाच असलेली. ती तळाला टाकायची. वाफ तिच्याखाली साठते आणि खाचेतून मोठा बुडबुडा होऊन सुटते. त्या धक्क्यानं साय फाटत राहते, वाफेला वाट मिळते. वस्तू चांगली आहे, नावं ठेवणार नाही. पण ती वाजते. टॅपेट सैल झाल्यावर इंजीन वाजतं तशी खडखड. पहिल्या दिवशी आई म्हणाली, "दार वाजतंय." मी दार उघडलं, कुणी नाही. दुसऱ्या दिवशी ही गेली. तिसऱ्या दिवशी नातू गेला आणि तसाच खेळायला निघून गेला. आठवड्यानं सगळ्यांच्या कानाला सवय झाली. मग एक दिवस रजिस्टर टपाल घेऊन पोस्टमन खरंच आला. त्यानं दार वाजवलं, मी उठून गॅस बंद केला. त्यानं पुन्हा वाजवलं, मी गॅस बंद आहे याची खात्री केली. तिसऱ्यांदा वाजवून तो गेला. दूध त्या दिवशी कोमटच राहिलं आणि दुपारी नासलं.

*शिट्टीचं दुधाचं कुकर.* दुहेरी भिंतीचं भांडं, मधल्या पोकळीत पाणी. दुधाला आच थेट लागत नाही, पाण्याकडून लागते. त्यामुळे ते लागतही नाही आणि उसळतही नाही. पाणी उकळलं की शिट्टी होते. एकट्यादुकट्या घरासाठी हा उत्तम उपाय आहे, मनापासून सांगतो. आमचा प्रश्न वेगळाच झाला. सकाळी सात वाजता आमच्या आळीत डझनभर तरी कुकर वाजत असतात. मी चार वेळा दुसऱ्याच्या वरणाला आमचं दूध समजून गॅस बंद केला. एकदा उलटं झालं : दुधाची शिट्टी हिने डाळीची म्हणून मोजली आणि डाळ कच्ची राहिली. एकदा पोकळीत पाणी घालायचंच राहिलं, त्याचा वास दोन दिवस घरात होता. सध्या त्यात नातवाचे रंगीत खडू आहेत.

*पाळी.* हा माझा सगळ्यात मोठा पराभव. घरात मोठी माणसं तीन आणि नातू, म्हणून मी डेपोसारखा ड्यूटी चार्ट करून फ्रिजवर लावला. सोमवार-गुरुवार मी, मंगळवार-शुक्रवार ही, बुधवार आई, शनिवार-रविवार फिरती. मधेच कुणाला उठावं लागलं तर तोंडी चार्ज देऊन जायचं. पहिल्याच आठवड्यात लक्षात आलं की दूध चार्ज देता-घेतानाच जातं. "मी अंघोळीला जातेय, बघा हं." "हो." हा 'हो' हॉलमधून आलेला असतो, आणि हॉलमधला माणूस चप्पल शोधून, पेपर घडी करून येईपर्यंत दुधाला कुणीच वाली नसतो. सगळ्यात वाईट म्हणजे तिघंही स्वयंपाकघरात असताना दूध हमखास जायचं. प्रत्येकाला वाटायचं, ड्यूटी दुसऱ्याची. बुधवारी आई ओट्यासमोर खुर्ची टाकून बसली होती, दूध वर आलं, तिनं फ्रिजकडे वळून चार्ट वाचला आणि म्हणाली, "आज काय वार?"

बर्नर विझला तर (हे नीट वाचा)

इथे थट्टा बंद. दूध उतू गेल्याचा खरा धोका ओटा खराब होण्याचा नाही. दुधानं ज्योत विझते, खटका मात्र चालूच राहतो आणि गॅस खोलीत भरत जातो. स्वयंपाकाचा गॅस हवेपेक्षा जड असतो, तो वर न जाता जमिनीलगत साठतो. त्याला स्वतःचा वास नसतो, गळती कळावी म्हणून मुद्दाम उग्र वासाचा पदार्थ मिसळलेला असतो. वास आला तर आधी खटका, मग सिलिंडरचा रेग्युलेटर बंद करा. दारं-खिडक्या उघडा. लाइटचं किंवा पंख्याचं बटण चालूही करू नका आणि बंदही करू नका, ठिणगी तिथेच पडते. वास जात नसेल तर बाहेर जाऊन १९०६ या क्रमांकावर फोन करा, गॅस गळतीसाठीच तो आहे.

ज्योत विझली नसली तरी बर्नरची छिद्रं बुजतात. मग ज्योत निळी राहत नाही, पिवळी होऊन लवलवते आणि भांड्यांची बुडं काळी पडतात. बर्नर पूर्ण गार झाल्यावर वरची पितळी टोपी काढा, गरम पाण्यात लिंबू पिळून ती तासभर बुडवा, दातांच्या जुन्या ब्रशनं घासा, एकेक छिद्र टाचणीनं मोकळं करा. पूर्ण वाळल्यावरच बसवा आणि खाचेत नीट बसलीय ना ते बघा. तिरकी बसली तर ज्योत एकाच बाजूला पळते. काचेची शेगडी तापलेली असताना तिच्यावर गार पाणी ओतू नका, काच तडकू शकते. हे मी ऐकीव सांगतोय, कारण आमची तडकण्याआधीच हिने माझ्या हातातला तांब्या काढून घेतला.

आणखी एक, विचारणारे खूप असतात म्हणून : सुटं दूध उकळायलाच हवं. कच्च्या दुधातून येणारे आजार साधे नसतात. पिशवीचं दूध डेअरीतच पाश्चराइज केलेलं असतं, म्हणजे बहुधा ७२ अंशांवर १५ सेकंद. पिशवी सतत थंड राहिलेली असेल तर ते पुन्हा उकळून काढायची तशी गरज नसते. ही ओळ मी आईला वाचून दाखवली नाही.

निदान

रथसप्तमीला आमच्याकडे अंगणात गोवऱ्या पेटवून मातीच्या बोळक्यात दूध ठेवतात आणि ते मुद्दाम उतू जाऊ देतात. सूर्याला नैवेद्य. म्हणजे वर्षात हा एक दिवस असा, की दूध उतू गेल्यावर सगळे हात जोडतात. मी म्हटलं, या कामात आपल्याइतका अनुभवी माणूस आळीत नाही.

दूध उतू जाईना. गोवरीची आच मंद, धूर भरपूर. दहा मिनिटं गेली, वीस गेली. पोरं कंटाळली. ही हळदीकुंकवाच्या तयारीला आत गेली. आई पाटावर बसून, कोणत्या दिशेला जातंय ते बघायला डोळे लावून होती. मी उकिडवा बसून फुंकर घालत होतो आणि तेवढ्या वेळात करण्यासारखं दुसरं काही नसल्यामुळे आयुष्यात पहिल्यांदा दूध न जाण्याचा अभ्यास केला. आच मंद म्हणून वाफ थोडी. बोळकं निम्मंच भरलेलं म्हणून फेसाला चढायला जागा. साय आली, फुगली, फाटली, खाली बसली. पुन्हा आली, पुन्हा बसली. शेवटी आईनं "अरे, भर की जरा" म्हणून बोळक्यात काठाशी येईस्तोवर दूध ओतलं. फेस आला आणि दोन मिनिटांत भसकन पूर्वेला गेला. आई खूश.

मी तिथेच बसून राहिलो. गाडी वर्कशॉपला आली की आम्ही ड्रायव्हरला पहिला प्रश्न विचारायचो : काल नीट चालत होती ना, मग मधे काय बदललं? ३१ वर्षं हजारदा विचारलेला प्रश्न मी स्वतःच्या ओट्याला एकदाही विचारला नव्हता. काय बदललं होतं? पाडव्याला नातू राहायला आला. रतीब एक लिटरचा दीड लिटर झाला. पातेलं तेच राहिलं. आधी दुधाच्या वर तीन बोटं मोकळी असायची, आता एक. वर गळा आवळलेला, म्हणजे फेस चढेल तसा आणखी वेगानं चढणार. आणि खाली मोठा बर्नर पूर्ण उघडा. ओव्हरलोड. लक्ष, गजर, चार्ट यांचा काही संबंधच नव्हता. मामांच्या नावाचा मान राखत आम्ही ११ महिने भलत्याच ठिकाणी पाने फिरवत होतो.

साताऱ्यात राहून हे सुचू नये याचं वाईट वाटलं. कंदी पेढ्यांसाठी इथे दूध आटवतात ते पसरट कढईत, आणि एक माणूस ते सतत हलवत असतो. तिथे उतू जायचं नावच नाही. रुंद तोंडात फेस पातळ पसरतो, हलवल्यामुळे साय धरत नाही.

तर उपाय एवढाच : दूध भांड्याच्या निम्म्यापर्यंत, भांडं पसरट, कडेनं फेस धरला की आच बारीक आणि पळी फिरवत दोन-तीन मिनिटं. दूध ओतण्याआधी पातेलं पाण्यानं खळबळून घ्या, तळाला लागत नाही.

मी आत जाऊन हिला म्हटलं, "आपलं ते चार लिटरचं पसरट पातेलं कुठाय?"

ही म्हणाली, "शेजारी."

पातेल्याचा शोध

होळीला शेजारी अचानक पाहुणे आले तेव्हा आम्ही पोळ्यांबरोबर त्या पातेल्यातून कटाची आमटी पाठवली होती. आमटी संपली. पातेलं परत यायला हवं होतं. पण रिकामं भांडं परत देत नाहीत. वहिनी रीतीभातीच्या. त्यांनी काहीतरी करून घालून द्यायचं ठरवलं, आणि चार लिटरच्या पातेल्यात घालून शोभेल असं काही त्यांच्या हातून ११ महिने झालं नाही.

"मग मागून घे."

"मागायचं? पातेलं?" हिनं माझ्याकडे असं बघितलं की मी विषय बदलला आणि नवीन विकत आणायचं म्हटलं. त्यावर घरातल्या १७ पातेल्यांचा हिशेब ऐकावा लागला. एकात मटकीला मोड येतायत. एकात विरजण. एक फक्त सोवळ्याचं. एकाला कान नाहीत. एकात ती वाटीसकट दुसरं पातेलं ठेवते, आणि ते दुसरं का वापरायचं नाही याचं उत्तर मला कळलं नाही. शिवाय, ती म्हणाली, त्यांचा अनारशांचा डबा आपल्याकडे दिवाळीपासून पडून आहे, तो आधी दिल्याशिवाय कुठल्या तोंडानं मागणार? डबा का नाही दिला? रिकामा कसा देणार! आणि अनारशांच्या बदल्यात काय घालणार, चुरमुरे?

म्हणजे त्यांच्याकडे आमचं पातेलं आणि आमच्याकडे त्यांचा डबा, दोन्ही घरं चांगल्या वळणाची, म्हणून दोन्ही भांडी जागच्या जागी. घाटात दोन गाड्या समोरासमोर आल्या आणि दोघेही ड्रायव्हर "आधी तुम्ही" म्हणत इंजीन बंद करून बसले, तसं. त्या सभ्यतेपायी आमचं दूध ४३ वेळा ओट्यावर आलं.

वाट रथसप्तमीनंच काढली. संक्रांतीपासूनच्या हळदीकुंकवाचा तो शेवटचा दिवस, वहिनी संध्याकाळी येणार होत्या. मी डबा शोधला. त्यात शेंगदाण्याचं कूट होतं. कूट बरणीत घातलं, बरणीतले पापड पिशवीत घातले, पिशवीतली लसूण सुपात ओतली, सूप मी हातात धरून उभा राहिलो कारण ते ठेवायला जागा नव्हती. हिनं डबा घासून पुसून त्यात तिळाच्या वड्या भरल्या. खोबरं-वेलची घातलेल्या, अनारशांना तोडीस तोड. डबा गेला. आता कर्ज त्यांच्याकडे.

पाचव्या दिवशी वहिनी पातेलं घेऊन दारात. मी उठून उभा राहिलो.

पातेलं भरलेलं होतं. त्यांच्या माहेरी म्हैस व्यायली होती, पहिल्या दिवसाचा चीक आला होता. दाट, पिवळसर, निम्मं पातेलं भरून. ज्यांनी बघितला नसेल त्यांच्यासाठी : चिकात प्रथिनं नेहमीच्या दुधाच्या कितीतरी पट असतात, त्यामुळे तो तापवला की उतू जात नाही, सरळ थिजतो. हिनं दूध घालून तो पातळ केला, गूळ, वेलची, जायफळ घातलं, आणि कुकरची शिट्टी काढून ठेवून अर्धा तास वाफवला. त्या अर्ध्या तासात ओट्यापाशी कुणी नव्हतं आणि काहीही सांडलं नाही. मी हे वहीत तांबड्या शाईनं लिहिलं.

खरवस सुरेख झाला. पातेलं मी स्वतः घासलं, पुसलं, शेगडीजवळ पालथं घातलं. तेवढ्यात ही वड्या कापत म्हणाली, "निम्म्या वहिनींकडे द्यायला हव्यात," आणि पातेल्याकडे हात केला.

"त्यातून नको!"

"मग कशातून? मोकळं दुसरं काय आहे?"

मी इकडेतिकडे बघितलं. मटकी, विरजण, सोवळं, बिनकानाचं. आणि सकाळचं दूध संपून धुऊन ठेवलेलं, उभट, गळ्याशी आवळलेलं.

"मामांचं पातेलं?" ती म्हणाली. "शेजारी?"

"नाव कोरलेलंय," मी म्हटलं. "हरवणार नाही."

ती क्षणभर माझ्याकडे बघत राहिली. मग तिनं वड्या भरल्या. मी स्वतः नेऊन दिलं. वहिनी म्हणाल्या, "सावकाश देते हं पातेलं." मी म्हटलं, "अगदी सावकाश."

त्याला आता २३ दिवस झाले. दूध पसरट पातेल्यात, निम्म्याच्या खाली, मंद आचेवर. एकदाही उतू गेलेलं नाही. चार्ट फ्रिजवरून काढला. ओटा इतका स्वच्छ राहतो की परवा आईनं विचारलं, रतीब बंद केला का.

काल सकाळी सातच्या सुमारास मी पळी फिरवत होतो. भिंतीपलीकडून आधी चर्र आवाज आला, आणि मग वहिनींचा :

"अहो, दूध!"

मी वही उघडली, तारीख घातली, आणि मग खोडली. डेपो वेगळा.